‘प्रभूत निजले’ सदरातलं एक नाव

आईचा फोन आला तेव्हा मी सुरतेच्या कारखान्यात साडीवर खडे चिकटवत होते. “बेबी, शमुवेल मास्तर गेले व,” एवढंच ती बोलली. इथे मास्तर कोण हे कुणाला सांगणार... हातातलं काम तसंच चालू ठेवलं. गावी आर्णीला माती द्यायलाही पोचता आलं नाही. महिना उलटला तरी मन ताळ्यावर येत नाही, म्हणून लिहायला बसले. आठवीतच शाळा सुटली, तेव्हा काही चुकेल ही धास्ती आहेच.

मास्तर आमच्या लहानशा ख्रिस्ती मंडळीचे पाळक. मिशनच्या शाळेत शिकवत, म्हणून सगळे मास्तरच म्हणायचे. मंडळीचं चारपानी मासिकही तेच काढत. लिहायचे, यवतमाळहून छापून आणायचे आणि स्कूटरवर घरोघर द्यायचे. मला अक्षरं त्यांनीच शिकवली. मी ‘डोळा’च्या जागी ‘डोया’ लिहायची. ते म्हणायचे, “घरी डोया, पाटीवर डोळा. दोनीनं दिसते.”

मग कापसाचे वाईट दिवस आले आणि सरकी काढायचा जिनिंग कारखाना बंद पडला. बाबा तिथे गाठी बांधायला होते. घरी बसून बसून त्यांचं बोलणंच आटत गेलं... आणि एका पहाटे त्यांनी आपला जीव दिला.

आमच्या मंडळीची रीत अशी, की कुठलाही निर्णय सभेत हात वर करून व्हायचा, आणि पाळकालाही इतरांसारखं एकच मत. बाबांना दफनभूमीत जागा मिळाली. अडलं ते मासिकावर. त्यात वारलेल्यांसाठी ‘प्रभूत निजले’ असं सदर असायचं. आत्महत्या हे पाप मानलेलं, मग ती केलेल्याचं नाव त्यात कसं घालायचं? मी आणि आई सभेत मागे बसलो होतो. मंडळीचे कारभारी उठून म्हणाले, “मास्तर, उद्या पोट्टे विचारतीन, हे बी प्रभूतच निजले काय? त्याइले काय सांगाचं?”

“हो म्हनाचं,” मास्तर म्हणाले.

हात वर झाले. मास्तरांच्या बाजूने अगदी थोडे. आईलाही मत होतं, पण तिचा हात पदराबाहेर निघालाच नाही.

पुढच्या अंकात बाबांचं नाव त्याच सदरात छापून आलं. जन्मभर सभेपुढे मान वाकवलेल्या माणसाने तेवढं एकदा ऐकलं नाही. मग मासिक त्यांच्याकडून काढून घ्यायचा ठराव आला, आणि बाजूने कोण, असं विचारल्याबरोबर पहिला हात मास्तरांचाच! कुणीतरी ओरडलं, “अहो मास्तर, हे तुमच्याच विरोधात हाय!”

“मालूम हाय. सभेचं म्या मोडलं. पन नाव खोडाचं नाई.”

दुसऱ्या कुणाला मासिक जमलं नाही, ते बंदच पडलं. मास्तरांनी त्यानंतर काही छापलं नाही. शाळेतून आले की नुसते बसून असत.

मला मात्र ते आमच्याकडे तो अंक घेऊन आले, ती दुपार दिसत राहते. ज्यांना वाचता येत नाही त्यांच्या ओट्यावर बसून मास्तर अख्खा अंक वाचून दाखवायचे. आवाज खणखणीत, पार रस्त्यापर्यंत जायचा. बाबांचं नाव वाचून ते थांबले. आईने विचारलं, “निजले, असंच लिवलं?”

“निजले, असंच.”

ती म्हणाली, “मंग हळू वाचा नं मास्तर.”

मास्तरांनी चष्मा काढून पुसला. उरलेला अंक त्यांनी अगदी खालच्या आवाजात वाचला. त्यानंतर आमच्या घरात ते कधी मोठ्याने बोलले नाहीत. मी इकडे आल्यावर माझी खुशाली विचारायला फोन करायचे, तेव्हाही तोच दबका आवाज. कारखान्याच्या गोंगाटात मला काही ऐकू यायचं नाही. मी ओरडायचे, “मास्तर, जरा मोठ्यानं बोला नं!”

ते नाही बोलले कधी.