तिसरी कॅसेट

देवळाली कॅम्पच्या बाजारात नईमला स्वस्थ बसलेलं कुणी पाहिलं नव्हतं. घड्याळ उघडलेलं असलं की हात दगडासारखे स्थिर, पण टेबलाखाली उजवा पाय सारखा हलत असायचा. शेजारी सीडीचं दुकान चालवणारा बारकू म्हणायचा, "नईम्या, त्या पायाला पट्टा लाव. पिठाची गिरणी चालेल."

त्याचे अब्बा लष्कराच्या मेसमधल्या भिंतीवरच्या घड्याळांना चावी द्यायचे. दर सोमवारी सायकलवरून सगळ्या मेस फिरून यायचे आणि उरलेला आठवडा बाजारातल्या या टपरीवजा दुकानात मनगटी घड्याळं दुरुस्त करायचे. त्यांनी नईमला पहिल्याच दिवशी एक गोष्ट शिकवली. घड्याळ उघडलं की आधी त्यातला जोर काढायचा. चावीचं असेल तर स्प्रिंग हळूहळू मोकळी करायची. पुढे सेलची घड्याळं आली, तेव्हा नियम तोच राहिला, फक्त स्प्रिंगच्या जागी सेल आला. झाकण उघडलं की पहिल्यांदा सेल बाहेर, मग बाकीचं काम. पंचवीस वर्षं नईमने हे इतक्या वेळा केलं होतं की हात त्याला विचारतही नसत.

अब्बा गेले. मग लोकांच्या खिशात मोबाइल आले आणि घड्याळं कमी झाली. नईमच्या अस्वस्थ स्वभावाला ते मानवलंही. तो रिमोट उघडू लागला, कॉर्डलेस फोन उघडू लागला, मग पोरांचे व्हिडिओ गेम. एक जुना कॉम्प्युटर आणून दुकानात मांडला. मुंबईला लॅमिंग्टन रोडवर गेला तेव्हा एका दुकानदाराकडून त्याने साबणाच्या वडीएवढी एक डबी आणली. हातात धरून खेळायच्या व्हिडिओ गेमची कॅसेट तिच्यात खोचायची, डबीची वायर कॉम्प्युटरला जोडायची, की कॅसेटमधला खेळ कॉम्प्युटरमध्ये उतरायचा. मग त्या छोट्या यंत्राची हुबेहूब नक्कल करणारा एक प्रोग्राम असे, त्याला एम्युलेटर म्हणत. त्यात तो खेळ मोठ्या पडद्यावर चालायचा.

बारकूचे डोळे चमकले. "अरे, मग एकदा उतरव आणि शंभर सीड्या काढू. मी विकतो."

"ज्याची कॅसेट, त्यालाच उतरवून देणार," नईम म्हणाला. "तुझ्या सीड्या तुझ्यापाशी."

"आला मोठा हरिश्चंद्र!" बारकू म्हणाला आणि चहा सांगायला गेला.

सन २००३ चा ऑगस्ट असेल. एका मंगळवारी सविता निकम दुकानात आली. तिचा नवरा खंडेराव तोफखान्यात हवालदार. मूळचे नाशिक जिल्ह्यातल्याच देवळा गावचे. चार वर्षांपूर्वी युनोच्या शांतिसेनेबरोबर तो लेबनॉनला गेला होता, तिथून त्याने एक हातातला गेम आणि तीन कॅसेट आणल्या होत्या. आता तो सिक्कीमकडे होता आणि सविता मुलीला, तृप्तीला, घेऊन इथेच क्वार्टरमध्ये राहत होती. तिने पिशवीतून एक खोकं काढलं. त्यात गेम, कॅसेट आणि चार घड्या घातलेलं परदेशी बिल.

"बिल दाखवते आधी. चोरीचा माल नाही."

"मी कुठं म्हणालो ताई?"

"तुमच्या शेजाऱ्याच्या दुकानाकडे बघून वाटलं, सांगून टाकावं."

शेजारून बारकू खोकला.

गेमचा पडदा मेला होता. नाशिकमध्ये त्याचा पडदा मिळत नव्हता, मुंबईतही नाही. घरी तृप्तीच्या अभ्यासासाठी घेतलेला कॉम्प्युटर होता, म्हणून तिन्ही खेळ त्यावर चालतील असं करून हवं होतं. त्यातले दोन तृप्तीचे, विमानांचा आणि विटा रचायचा. तिसरा मात्र सविताने हातात घट्ट धरला होता.

"हा शेतीचा आहे. यात आमचं शेत आहे, नईमभाई. चार वर्षांचं. ते जसंच्या तसं यायला हवं."

नईमने विचारलं, की शेत म्हणजे काय. तिने सांगितलं, आणि सांगताना थोडी लाजली. खेळात पडीक जमीन मिळते, ती नांगरायची, पेरायची, जनावरं पाळायची. खंडेरावाने शेताचं नाव इंग्रजी अक्षरांत देवळा ठेवलं होतं. एक बैल होता, त्याचं नाव ढवळ्या. सुट्टीवर आला की तो खेळायचा, गेला की ती. दर रविवारी अकरा वाजता बाजारातल्या एसटीडी बूथवर त्याचा फोन यायचा. घरचं बोलणं दोन मिनिटांत संपायचं. सगळं बरं आहे, पैसे पोचले, तृप्तीला ताप नाही. त्यानंतर दोघं शेतावर यायचे. ढवळ्या कसा आहे, विहिरीजवळ काय लावलंस, मका का लावलास, मी कांदा म्हटलं होतं ना.

"खेळात कांदा आहे?" नईमने विचारलं.

"नाही ना. त्यावरूनच दर वेळी भांडण." ती हसली. "पडदा गेल्यापासून तीन रविवार मी थापा मारतेय. ढवळ्या बरा आहे, मका कापला. आता काय सांगू, सुचत नाही. या रविवारच्या आत होईल?"

"शनिवारी घेऊन जा," नईम म्हणाला.

बुधवारी सकाळी तो कामाला बसला. विमानांची कॅसेट उतरली, विटांची उतरली. दोन्ही खेळ एम्युलेटरमध्ये लावून पाहिले, दोन्ही पळाले. तिसरी कॅसेट लावली तर पडद्यावर नुसती मुंग्यांची रांग. कॅसेटच्या खालच्या कडेचे, डबीत खोचायचे पितळी दात काळे पडले होते. त्याने खोडरबराने घासून पाहिलं, स्पिरिटचा बोळा फिरवला, तरी मुंग्याच. मग त्याने कॅसेट उघडली.

आत एक लहानशी हिरवी सर्किटची पट्टी, दोन काळ्या चिप आणि एका कडेला चपटा गोल सेल. नईमने सवयीने सेलचा जोर मोजायचा मीटर लावला. सेल उतरलेला होता, पण मेलेला नव्हता. त्याने तापलेल्या सोल्डरिंगच्या पेनाने सेलचे दोन्ही पाय सोडवले, सेल चिमट्याने उचलला आणि काचेच्या वाटीत ठेवला. मग पितळी दात आरशासारखे घासले. नवा सेल बसवला. स्क्रू आवळला. कॅसेट डबीत खोचली आणि एम्युलेटर लावला.

खेळ लख्ख सुरू झाला. गाणं वाजलं. पाठोपाठ पडद्यावर एक कोरं पान आलं: शेताचं नाव लिहा.

नईमचा पाय थांबला.

त्याने कॅसेट काढून पुन्हा लावली. पुन्हा तेच पान. लॅमिंग्टन रोडच्या डबीबरोबर इंग्रजीत छापलेला एक कागद आला होता. त्याची पहिली बाजू त्याने तेव्हा डिक्शनरी घेऊन वाचली होती. दुसरी बाजू आता वाचली. खेळ चिपमध्ये कायमचा कोरलेला असतो, पण खेळणाऱ्याने जे जमवलेलं असतं ते सेलच्या जोरावर जिवंत राहतं. ते आधी वेगळं उतरवून घ्यावं, त्याशिवाय सेलला हात लावू नये. त्याने तो कागद तीनदा वाचला. मग वाटीतला जुना सेल उचलून पुन्हा मीटरला लावला. काटा तिथेच होता. उतरलेला, पण जिवंत.

दुपारी जेवायला घरी गेला तेव्हा रेहानाने, त्याच्या बायकोने, ताट पुढे ठेवलं आणि त्याच्याकडे पाहत राहिली.

"पाँव क्यूँ नहीं हिल रहा आज? तबीयत ठीक है?"

त्याने सांगितलं. तिने सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाली, "तो बोल डालो उसको. और क्या."

बोलून टाकणं इतकं सोपं असतं तर नईमला रोटी गोड लागली असती. तो अर्ध्यावर उठला आणि दुकानात परतला.

त्यानंतरचे दोन दिवस त्याने एक वेडेपणा केला. ते शेत आपणच पुन्हा उभं करायचं ठरवलं. शटर अर्धं ओढून तो कॉम्प्युटरसमोर बसला. शेताचं नाव देवळा लिहिलं, बैलाचं ढवळ्या. नांगर धरला तर तो कुंपणात घुसला. बियाणं पेरलं आणि पाणी घालायला विसरला. ढवळ्याला चारा देण्याऐवजी त्याने त्याला तीनदा दगड मारला, कारण बटण कोणतं ते कळत नव्हतं. शुक्रवारी दुपारपर्यंत एका कोपऱ्यात चार रोपं उभी राहिली. त्यांच्याकडे बघताना त्याच्या लक्षात आलं, की मूळ शेतात विहीर डाव्या हाताला होती की उजव्या, हेही त्याला ठाऊक नाही. चार वर्षांत त्या दोघांनी कुठे काय लावलं, काय उपटलं, कशावरून भांडले, हे त्या दोघांनाच माहीत. त्याने ती चार रोपं पुसून टाकली. पडद्यावर पुन्हा कोरं पान आलं.

बारकू शटरखालून वाकून आत आला. "दोन दिवस गिऱ्हाईक परत पाठवतोयस. काय झालंय काय?"

ऐकल्यावर तो हसलाच. "एवढंच? सेल मेलेला होता म्हणून सांग. जुनी कॅसेट, सेल मेला, शेत गेलं. विषय संपला. कोण मीटर लावून बघायला येतंय?"

"मी बघितलाय ना."

"तू सोडून!"

 बारकूचं म्हणणं खोटं होतं, पण अगदी थोडं खोटं होतं. आणखी वर्षभरात सेल मेलाच असता. ते एक वर्ष गिळलं की झालं. शुक्रवारची नमाज पढून आला तरी ते एक वर्ष घशातून खाली उतरेना. तो दुकानासमोर येरझारा घालू लागला. चहा सांगितला आणि तसाच ठेवला. एका म्हाताऱ्या सुभेदाराच्या घड्याळाची काच बसवताना ती तडकली, असं त्याच्या हातून दहा वर्षांत झालं नव्हतं.

शनिवारी सविता आली. छत्री मिटवली, हसतच विचारलं, "आला का ढवळ्या?"

"ताई, बसा."

ती बसली नाही. नईमने वाटीतला सेल टेबलावर ठेवला आणि सगळं सांगितलं. दात काळे होते, कॅसेट उघडली, सेल काढला. शेत त्या सेलवर होतं.

"मेलेला होता का सेल?" तिने विचारलं.

शेजारच्या दुकानात चाललेलं गाणं एकदम बारीक झालं. बारकू ऐकत होता.

"नाही," नईम म्हणाला. "जिवंत होता. मी काढला म्हणून गेलं."

तिने तो सेल उचलून तळहातावर घेतला. आवाज चढवला नाही, आणि त्याने नईमला जास्तच लागलं. मग ती म्हणाली, "मला कळलं नसतं."

"हो."

"मला सांगितलंत ते ठीक. पण मी त्यांना काय तोंडाने सांगू? तीन आठवडे थापा मारल्यात मी. आता हीसुद्धा थापच वाटेल." तिने छत्री उचलली. "उद्या अकरा वाजता बूथवर या. तुम्हीच सांगा त्यांना."

रविवारी नईम साडेदहालाच बूथच्या पायरीवर जाऊन उभा राहिला. बसला, उठला, पुन्हा बसला. बूथवाला म्हणाला, "चाचा, लायनीत बाकी कोणी नाही, आरामात." सविता आली आणि काही न बोलता शेजारी उभी राहिली. अकरा वाजून सात मिनिटांनी घंटा वाजली. तिने फोन उचलला, "हो, बरे आहोत, तृप्ती बरी आहे," म्हणाली आणि मग, "घड्याळवाले नईमभाई बोलतायत," असं म्हणून फोन त्याच्या हातात दिला.

"बोला उस्ताद! राम राम!" आवाज लांबून, वाऱ्यातून आल्यासारखा. "कसा हाय आमचा ढवळ्या? बाई काय धड सांगत नाय तीन आठवडे."

 "हवालदारसाहेब, पडदा तीन आठवड्यांपूर्वीच गेला होता. ताईंनी तुम्हाला काळजी नको म्हणून सांगितलं नाही. आणि शेत... कॅसेटचा सेल काढताना शेत माझ्या हातून पुसलं गेलं."

 फक्त खरखर.

"आता सेल बी जुना असंल," खंडेराव हळूच म्हणाला. "मेला असंल तो. हाय ना?"

त्याने वाट मोकळी करून दिली होती. नईमने डोळे मिटले. "नाही साहेब. मीटर लावला होता. अजून वर्षभर चालला असता. उघडल्यावर सेल आधी काढायची आमची सवय. मी विचार न करता काढला."

खरखर इतकी लांबली की लाइन तुटली असं त्याला वाटलं. मग आवाज आला, "तिला द्या फोन."

नईम बूथच्या बाहेर आला. काचेतून सविता दिसत होती, पण ऐकू येत नव्हतं. ती आधी नुसती ऐकत होती. मग तिने पदराने डोळे पुसले. मग काहीतरी म्हणाली, मग आणखी, आणि एकदम हात उडवून मोठ्याने काहीतरी. भांडण चाललं होतं की काय, कळेना. नईमचा पाय पायरीवर आपटत राहिला. बूथवाल्याने घड्याळाकडे बघितलं, त्याच्याकडे बघितलं.

बूथचं दार किलकिलं झालं. सविताने फोन छातीशी दाबून धरला होता. डोळे लाल, पण आवाज घाईचा.

"नईमभाई, ते विचारतायत, नाव लिहायच्या त्या पानावर अक्षरं किती बसतात? मी म्हणते देवळाच पुन्हा ठेवू. ते म्हणतात, नाही, आता दुसरं ठेवायचं."

 ज्या पानाकडे चार दिवस टक लावून पाहिलं, त्यावरचे चौकोन त्याने एकदाही मोजले नव्हते.

"थांबा ताई, फोन ठेवू नका," तो म्हणाला आणि पायऱ्या उतरून बाजारातून दुकानाकडे पळत सुटला. मधे हातगाडी आली, तिला वळसा घातला. बारकू दुकानातून ओरडला, "काय रे, आग लागली?" त्याच्याकडे लक्ष न देता नईमने शटर वर केलं आणि कॉम्प्युटरचं बटण दाबलं. तो चालू व्हायला नेहमीसारखाच वेळ घेत होता. नईम उभ्यानेच वाट पाहत राहिला. खेळ सुरू झाला, गाणं वाजलं, कोरं पान आलं. पडद्याच्या काचेवर बोट ठेवत त्याने एकेक चौकोन मोजला, चुकायला नको म्हणून पुन्हा पहिल्यापासून मोजला, आणि आल्या वाटेने, तोंडाने आकडा घोकत, परत पळाला.