उषाताईंची चार मिनिटे

दिवस तीन आहेत. पहिला, गेल्या गणेशोत्सवातील शेवटच्या आरतीचा. दुसरा, फाल्गुनातील तो शुक्रवार, ज्या दिवशी उषाताई म्हसकर गेल्या. तिसरा, त्यानंतरचा गुरुवार, ज्या दिवशी येथे जर्मनीत, इंगोलश्टाटच्या स्मशानभूमीतील सभागृहात त्यांना निरोप दिला गेला. जबाबदार व्यक्तीही तीन: आमच्या येथील मराठी मंडळाचे अध्यक्ष, कार्यवाह आणि सांस्कृतिक प्रमुख. स्मरणिकेसाठी उषाताईंवर 'दोन शब्द' मागणारे पत्र या तिघांच्याच सहीने मला आले आहे. ते शब्द पुढीलप्रमाणे.

उषाताई येथील मोटारींच्या कारखान्यात इंजिनिअर होत्या. मायदेशी परतणाऱ्या एका जपानी सहकाऱ्याकडून त्यांनी जुनी गाडी घेतली, तेव्हा तिच्या सीडी प्लेयरमध्ये एक तबकडी अडकलेली होती. जपानमधील दोघांच्याच एका रॉक बँडचे ते त्या काळी तिकडे तुफान गाजलेले गाणे. तबकडीवर गाणे एकच. संपले की पुन्हा तेच सुरू होई. कामावर जाताना मी त्याच गाडीत बसत असे. एकाची गिटार, दुसऱ्याचा टिपेला गेलेला आवाज आणि मागे ड्रमचा धडाका, असा तो प्रकार रोज सकाळी माझ्या कानांवर आदळे.

मी रीतसर लेखी हरकत घेतली. त्यांनी ती सिग्नलला थांबल्यावर वाचली, घडी करून सनव्हायझरमध्ये खोचली आणि आवाज वाढवला. "दावा लावा, वकीलसाहेब. पण तारखेला याच गाडीतून यावं लागेल." मी वकील नाही. हे त्यांना ठाऊक होते.

तबकडी काढणे त्यांना अशक्य नव्हते. मोटारीतील कोणताही भाग त्या डोळे मिटून सोडवू शकत. मी तसे बोलून दाखवल्यावर म्हणाल्या, "निघू शकणारी गोष्ट काढलीच पाहिजे, असं कुठलं कलम आहे?" गाण्याचा अर्थही त्यांनी कधी कोणाला विचारला नाही. अर्थ कळला तर वाद घालावासा वाटेल, असे त्यांचे म्हणणे. शब्द मात्र सगळे पाठ होते, आणि ड्रमच्या तुकड्याला स्टिअरिंगवर ठेका चुकत नसे. दुसऱ्या वर्षी माझाही पाय हलू लागला. त्यांनी पाहिले आणि, हे नमूद केले पाहिजे, आवाज आणखी थोडा वाढवला.

मंडळात त्या पेटी वाजवत. आरती रेंगाळली की थांबून सुनावत, "अहो, तिकडे दोन माणसं सभागृह हलवतात. इथे पंधरा जण असून गणपतीला जांभई येतेय."

आजार कळल्यावर त्यांनी पेचकस घेऊन ती तबकडी स्वतः बाहेर काढली. शेवटच्या आरतीनंतर पेटी बाजूला सारून सर्वांसमक्ष म्हणाल्या, "माझ्या ट्राउअरफायरला, निरोपाला हो, हे गाणं लावायचं. भजनं मी तुमच्यासाठी वाजवली. हे माझं आहे." अध्यक्ष हसून म्हणाले, अजून पुष्कळ वर्षे आहेत. त्यावर त्या म्हणाल्या, "वर्षं नकोत, अध्यक्ष. चार मिनिटं द्या."

त्यांचे यजमान कार्ल जर्मन आहेत. मंडळाने विधीची जबाबदारी मागून घेतली, म्हणून कार्ल यांनी तबकडी विश्वासाने कार्यवाहांच्या हाती दिली. गुरुवारी मंत्र झाले, मग ध्वनिमुद्रित भजन लागले. ते संपल्यावर कार्ल माझ्याकडे वळून जर्मनमध्ये म्हणाले, "आता उषाचं गाणं, ना?"

मी उठून कार्यवाहांकडे गेलो. तबकडी त्यांच्या कोटाच्या खिशात होती. ते कुजबुजले, "पुण्याहून ताईंचे सगळे नातेवाईक व्हिडिओवर बघतायत हो. तो धडधडाट बरा दिसतो का? आणि अर्थ तरी कोणाला कळणार?" त्या दिवशीच्या मंत्रांचा अर्थ सभागृहातील किती जणांना कळला होता, हे मी विचारेपर्यंत कर्मचाऱ्याने दारे उघडली. पुढच्या कुटुंबाची वेळ झाली होती. सगळे उठले. कार्ल बसून राहिले. गाणे अजून व्हायचे आहे, असे त्यांनी त्या कर्मचाऱ्याला दोनदा सांगितले. शेवटी मी त्यांचा दंड धरून त्यांना बाहेर आणले.

त्यानंतर मी मंडळाला पाठवलेल्या प्रत्येक पत्राला एकच उत्तर आले: 'आपल्या भावना पोहोचल्या.' मी भावना पाठवल्या नव्हत्या, प्रश्न पाठवले होते. मृत व्यक्तीने सर्वांसमक्ष सांगितलेली इच्छा बाजूला ठेवण्याचा निर्णय कोणी घेतला? कोणत्या अधिकाराने? पतीला न विचारता का?

अध्यक्ष, कार्यवाह आणि सांस्कृतिक प्रमुख या तिघांनी वार्षिक सभेत, व्यासपीठावर उभे राहून, सर्व सभासदांसमोर याचे उत्तर द्यावे. कार्ल पहिल्या रांगेत असतील. त्यांना मी घेऊन येणार आहे. उत्तर जर्मनमध्ये द्यावे. मराठीत दिलगिरी आणि जर्मनमध्ये मौन, ही पळवाट मला मान्य नाही. त्या सभागृहात प्रश्न कार्ल यांनी जर्मनमध्येच विचारला होता.