राक्षसाची पाठ

माझ्या वडिलांनी एक समुद्री राक्षस शिवला होता. हे वाक्य मी आयुष्यात बऱ्याच जणांना ऐकवलं आणि दर वेळी पुढं काय सांगावं ते मला सुचलं नाही. अण्णांचं छावणीत शिंप्याचं दुकान होतं. ते फौजींच्या वर्द्या शिवायचे. समुद्र त्यांनी तोवर पाहिला नव्हता, नंतरही पाहिला नाही.

मी तेव्हा सातवीत होते. मुंबईची एक पिक्चर कंपनी जायकवाडीला शूटिंगला आली होती. खऱ्या समुद्रावर जायची त्यांची ऐपत नसावी. धरणाचा पलीकडचा काठ दिसत नाही, एवढ्या भांडवलावर त्यांनी त्याला समुद्र ठरवून टाकलं. राक्षसाचा अंगरखा वाटेत फाटला, की मुंबईहून आलाच नाही, याबद्दल अण्णा दोन्ही गोष्टी सांगतात. छावणीतला मास्तर तिरपालसुद्धा शिवतो, असं कंपनीच्या लोकांना कुणीतरी सांगितलं आणि ती माणसं दुकानात येऊन उभी राहिली.

रेक्झिनचं अंग, आत फोम, ट्रकच्या ट्यूबचे पाय, पाठीवर कोंबड्यासारखा तुरा. दोन दिवस तो हिरवा राक्षस दुकानात टांगलेला होता आणि पँटीचं माप द्यायला आलेले जवान त्याच्याशी हस्तांदोलन करून जात होते. मी वर्गात एवढ्या फुशारक्या मारल्या की बाईंनी मला बाकावर उभं केलं. पुढं कळलं की तो पिक्चर ‘तसला’ आहे, म्हणजे त्यात बायका ओल्या कपड्यांत आंघोळी करतात आणि राक्षस त्यांना ओढून नेतो. आईनं घरात तो विषय बंद केला. अण्णाही गप्प झाले. ते लाजेनं गप्प आहेत असं आम्ही धरून चाललो, आणि झाकली मूठ झाकलेलीच राहू दिली.

आता अण्णांनी ऐंशी ओलांडली आहे. आई नाही. डावा डोळा कधीच गेला, उजव्यात मोतीबिंदू आहे आणि डोळ्याचा दाबही वाढलेला आहे. डॉक्टर म्हणाले, ऑपरेशन केलं तर दिसेल, नाहीतर आहे तेही जाईल. अण्णांनी शांतपणे ऐकून घेतलं. रिक्षात बसल्यावर म्हणाले, “तो राक्षसाचा पिक्चर सापडतो का बघ. ऑपरेशनच्या आधी.”

मी हसले. म्हातारचळ लागला म्हणायचा, असं मनात आलं. शाळेतून दमून आले होते. लासूर स्टेशनला आठवीच्या वर्गाला मराठी शिकवून परत आलेल्या बाईला कुणी राक्षस शोधायला लावू नये.

घरी आल्यावर त्यांनी खरी गोष्ट सांगितली.

“चेन लावली होती पाठीला. डायरेक्टर म्हणाला, चेन चमकती, नको. मग माणसाला आत घालायचा आन् पाठ शिवायची. रोज. म्हणून मला संगं न्यायचे. मी धावदोरा घालायचो, कच्चा. एक टोक ओढलं की सगळी पाठ उघडी.”

आत जो माणूस असायचा त्याला सगळे राक्षसच म्हणत. अण्णांनी त्याचं नाव विचारलं नाही. तो दुपारी अण्णांच्या डब्यातलं खायचा. ज्या आईनं त्या हिरव्या धुडामुळं दोन दिवस दुकानात पाऊल टाकलं नव्हतं, तिनंच त्याच्यासाठी दोन भाकरी आणि ठेचा जास्तीचा द्यायला सुरुवात केली होती.

“पाचव्या दिवशी तो वाकला आन् पाठ फाकली. आतलं पट्ट्यापट्ट्याचं बनियन दिसलं. डायरेक्टर सगळ्यांच्या देखत बोलला मला. फौजियों के कपड़े भी ऐसेच सीता क्या मास्टर, म्हणला. मला लई लागलं ते.”

दुसऱ्या दिवशी अण्णांनी मेण लावलेला दुहेरी दोरा घेतला आणि मानेपासून कमरेपर्यंत हातानं उलटी टीप घातली. उलट्या टिपेत प्रत्येक टाका मागं जाऊन मग पुढं येतो. तिचं टोक कितीही ओढलं तरी ती उसवत नाही. फौजींच्या वर्द्यांना अण्णा अवघड जागी तीच घालत.

“घोडा बांधला असता तरी तुटली नसती,” अण्णा म्हणाले. अजूनही त्यांच्या आवाजात थोडा अभिमान होता आणि तो त्यांनाच ऐकू आला असावा, कारण ते थांबले.

तो माणूस कमरेएवढ्या पाण्यात गेला. फोम पाणी प्यायला, जड झाला, आणि तो खाली बसला तो उठलाच नाही. चौघांनी काठावर ओढून आणला. टोक ओढलं, पाठ उघडेना. कात्री गाडीतल्या पिशवीत राहिली होती. अण्णा धावत गेले, धावत आले आणि मानेपासून तिरकी कात्री चालवली, तुऱ्यासकट. आतला माणूस काळानिळा पडला होता. त्याला जीपमध्ये घालून नेलं. दुसऱ्या दिवशी अण्णा पैठणला धरणावर गेले तर कंपनी उठलेली. शूटिंग दुसरीकडं हलवलं म्हणे. दुकान बंद ठेवून ते आणखी दोनदा जाऊन आले, दवाखान्यांत विचारलं, कुणाला काही ठाऊक नव्हतं.

“मेला का जगला, मला म्हाईत नाय,” ते म्हणाले.

पेपर शेवटच्या पानापासून, बारीक बातम्यांसकट वाचायची त्यांची सवय तेव्हाची. मला इतकी वर्षं वाटायचं की क्रिकेटसाठी वाचतात. मला त्यांची दया यायला हवी होती, पण आधी रागच आला.

“मग आम्हाला का नाही सांगितलंत?”

“सांगून काय? तू टीप उसवणार होतीस?”

त्यांचा हिशेब असा होता. कापताना तुरा गेला, म्हणजे बिनतुऱ्याचा राक्षस दिसला तर ते शूटिंग त्या दिवसानंतरचं. मग पाठ बघायची. पाठीला टीप असेल तर आत नवा माणूस. धावदोरा असेल तर तोच. “एकदा मरता मरता वाचलेला माणूस परत टीप घालू देत नसतो,” ते म्हणाले. मी म्हटलं, नव्या माणसाच्या काळजीनंही कंपनीनं धावदोरा घातला असेल. “कंपनीला कुठली आलीय काळजी!” मी म्हटलं, चालीवरून ओळखा की. “ते पाय घालून तू चाललीस तरी तशीच चालशील. मी शिवलेत.” त्यांचा हिशेब मला पटला नव्हता, पण त्यांनी तो उभ्या आयुष्यात घोटून पक्का केला होता आणि मी एका संध्याकाळी ऐकला होता.

पिक्चरचं नाव त्यांना आठवत नव्हतं. “कायतरी समुंदर होतं.” मी मोबाईलवर शोधायचं आणि टीव्हीवर लावायचं असं ठरलं. अण्णा टीव्हीपासून हातभर अंतरावर स्टुलावर बसायचे, मान तिरकी करून, उजव्या डोळ्याच्या कडेनं बघत.

पहिल्या रविवारी आम्ही चार समुद्री राक्षस पाहिले. एवढे पिक्चर लोकांनी का काढले असतील, याचा मला उलगडा होईना. तीन बायका मेल्याचं गावभर झालेलं असतं, तरी चौथी एकटीच पोहायला येते. राक्षस पूर्ण कपड्यातल्या माणसाला नुसता ढकलतो आणि कमी कपड्यांतल्या बाईला उचलून नेतो. नेऊन काय करतो ते दाखवत नाहीत. खायला नेतो म्हणावं तर खात नाही. आंघोळीचं दृश्य आलं की मी पिक्चर पुढं पळवायची, तर अण्णा म्हणायचे, “पळवू नको. राक्षस त्यातच येतो.” मुलगी पन्नाशीची, वडील ऐंशीचे, आणि दोघं मिळून भर दुपारी हे बघतोय. पलीकडच्या काकूंनी किंकाळ्या ऐकून दार वाजवलं, तेव्हा मी त्यांना माहितीपट आहे म्हणून सांगितलं.

तिसऱ्या रविवारी सापडला. नावात समुंदर नव्हताच. तो अर्धा कुठल्यातरी परदेशी पिक्चरमधून कापून आणलेला होता. पाण्यात शिरायची ती सोनेरी केसांची बाई आणि किंचाळत बाहेर यायची ती काळ्या केसांची. तिकडच्या राक्षसाला तीन बोटं होती, इकडच्याला पाच. मी पुन्हा मागं नेऊन बोटं मोजत होते, तेवढ्यात अण्णा म्हणाले, “पाणी बघ. काठ बघ.” समुद्राच्या काठाला वेडी बाभूळ उभी होती.

“पैठण,” अण्णा म्हणाले.

ट्यूबचे पाय आले, तुरा आला. मग तो राक्षस एका खडकावर वाकला, त्याची पाठ फाकली आणि आत पट्ट्यापट्ट्याचं काहीतरी हललं. त्या अंधूक प्रिंटमध्येही ते मला दिसलं. मी सांगितलं.

“बनियन?”

“हो.”

“म्हणजे ठेवला व्हय तो शॉट.” अण्णांनी तिरकी मान सरळ केली. “एवढं बोलला मला. आन् ठेवलाच की पिक्चरमधी. कुणाचं कायबी अडलं नाय.”

मला त्या डायरेक्टरचा गळा धरावासा वाटला. तो कोण, कुठं असेल, असेल की नाही, काहीच माहीत नसताना मी टीव्हीकडं बघून दात-ओठ खात होते. पिक्चर तसाच पुढं चालला होता. इन्स्पेक्टर आला, गोळ्या झाडल्या, आणि शेवटी राक्षस आपल्याकडं पाठ करून पाण्यात परत निघाला. पाठीवर तुरा नव्हता. मी चित्र थांबवलं.

“तुरा नाही, अण्णा.”

ते आणखी पुढं सरकले. नाक काचेला लागायचं राहिलं. मग हताश होऊन मागं झाले. “मला नुसतं काळं दिसतंय. तू बघ. पाठ कशी शिवलीय?”

मी बघितलं. मोठं करून बघितलं तर चौकोन चौकोन झाले. लहान केलं तर हिरवट काळी पाठ, बाकी काही नाही. टाका नाही, चेन नाही, फट नाही. मी त्यांच्याकडं बघितलं. ते माझ्या तोंडाकडं कान करून बसले होते.

“लांब लांब टाके आहेत, अण्णा. कच्चे. धावदोराच आहे.”

“मानेपासून?”

“मानेपासून कमरेपर्यंत. स्पष्ट दिसतोय.”

त्यांनी दोन्ही गुडघ्यांवर हात ठेवले आणि म्हणाले, “बंद कर.” मी टीव्ही बंद केला आणि चहा ठेवायला गेले. खोटं बोलल्याचं मला काही वाटलं नाही. उलट इतक्या वर्षांचं ओझं मी एका वाक्यात उतरवलं म्हणून स्वतःवर खूश होते. चहात आलंसुद्धा जरा जास्त घातलं.

अण्णांनी बशीत चहा ओतला, फुंकर घातली आणि म्हणाले, “धावदोरा दिसत नसतो, पोरी.”

“म्हणजे?”

“आतून घालतात. कापडाच्या रंगाचा दोरा. एवढ्या लांबून कुणाच्या बापाला दिसत नाय. टीप दिसती. मेणाचा जाड दोरा वर उठतो.” त्यांनी एक घोट घेतला. “काय दिसत नाय म्हणाली असतीस, तर धावदोरा हाय हे मी समजलो असतो.”

मला आधी ते नीट कळलंच नाही. कळलं तेव्हा मी कप खाली ठेवला. जे खरोखर होतं तेच मी सांगितलं असतं, तर अण्णांच्या हिशेबानं तो माणूस जगला होता.

“अण्णा, खरंच काही दिसलं नव्हतं,” मी म्हणाले. “आईशपथ. नुसती काळी पाठ होती. मी तुम्हाला बरं वाटावं म्हणून...”

ते हसले. रागावले असते तर बरं झालं असतं. “आता व्हय? मघाशी माझ्यासाठी दिसलं, आता माझ्यासाठी दिसंना.”

“नाही हो, खरंच!”

“राहू दे. ऑपरेशन होऊ दे. मीच बघतो.”

त्यानंतर मी तो तुकडा किती वेळा बघितला असेल, ठाऊक नाही. लासूरच्या गाडीत बघितला, शाळेत मधल्या सुट्टीत बघितला. बघून बघून परवा मलाच त्या पाठीवर काहीतरी रेघ दिसली. तो प्रिंटवरचा ओरखडा आहे, टीप आहे, की माझेच डोळे दमलेत, ते मला सांगता येत नाही. अण्णा आता पिक्चरचं नाव काढत नाहीत. फक्त तो मोबाईलमधून जाणार नाही ना, एवढं रोज विचारतात.

गुरुवारी ऑपरेशन आहे. दिसायला लागलं तर ते स्वतः बघतील. नाही लागलं, तर ती पाठ त्यांच्या वतीनं मीच काय ती पाहिली, आणि मी खोटं सांगितलं.