थांबत वर येणारे मामा

आमचे पाणबुडेमामा खाटेवरून कधी एका दमात उठले नाहीत. आधी कुशीवर वळायचं, मग बसायचं, पाय खाली सोडून जरा थांबायचं आणि मग उभं राहायचं. आंबागडचा किल्ला चढतानाही दर वळणावर त्यांचा मुक्काम. आम्ही भाचरं हसायचो. ते म्हणायचे, "खाली कोनीबी जाते. वर येनं शिकाव लागते."

मामा सिहोऱ्याचे ढिवर. तळ्यातली मासेमारी सोडून नौदलात गेले, पाणबुडे झाले आणि निवृत्त होऊन परतले ते हा एकच मंत्र घेऊन. खोल पाण्यात श्वासातली हवा रक्तात मुरते. घाईने वर आलं तर तिचे बुडबुडे होतात, माणूस लुळा पडतो, मरतोसुद्धा. म्हणून येताना ठरलेल्या खोलीवर दोरी धरून थांबायचं. हे त्यांनी इतक्यांदा सांगितलं की गाव ऐकेनासं झालं.

मग एका साली, धान निसवायला आला असताना, धरणातून कालव्याला पाणी सोडायचं दार ओंडक्याने अडलं. बांध्यांना, म्हणजे धानाच्या खाचरांना, भेगा पडू लागल्या. मामा सिलिंडर पाठीला आणि दोरी कमरेला बांधून उतरले. त्यांनी ओंडक्याला तारेचा दोर बांधला, बाजूला सरकून खूण केली, वरून यंत्राने तो ओढला आणि कालव्यात पाणी धडधडत आलं. काठावर डफडी वाजली. मामा मात्र वर येईनात. जल्लोष ओसरला आणि घाबरलेल्या गड्यांनी त्यांची दोरी धरली. जन्मभर जाळी ओढलेले हात ते, जड लागलं की ओढणारच.

मामी दोरीवर पाय देऊन उभ्या राहिल्या. "हात लावू नोका. थांबले हायेत ते, बुडले नाईत." आवाज चढला नाही, पण पायही हलला नाही. मला त्यांचा रागच आला होता, इतकी मी भ्याले होते. अखेर मामांचं डोकं वर आलं. गडी रडले, डफडी दुप्पट वाजली आणि मामांनी मुखवटा काढून चहा मागितला.

पुढे मला हे काम त्यांनीच शिकवलं. गेल्या उन्हाळ्यात मामा गेले, तेही घाई न करता, सगळ्यांना भेटून. यंदा दार पुन्हा अडलं आणि पाण्यात मी उतरले. पाणी सुटल्याचा हादरा अंगाला जाणवला, तरी ठरलेल्या खोलीवर दोरी धरून थांबले. मामांची फार आठवण आली.

दोरी कोणी ओढली नाही. डोकं बाहेर काढलं तर अख्खा काठ चूप बसलेला, डफडीवाले मांडीवर डफडी घेऊन. दोरीपाशी बसलेल्या मामींनी मला नीट पाहून घेतलं आणि डफडीवाल्यांकडे वळून त्या म्हणाल्या, "आता वाजवा."