पंगतीत वाढत कोण होतं

थोरल्या दिरानं थोरल्या जाऊबाईला मारलं, ते मी माझ्या डोळ्यांनी बघितलं. संध्याकाळी धारा काढायला उशीर झाला, डेअरीची गाडी निघून गेली, एवढंच कारण. मी मागच्या दारात भांडी घासत होते. समोर गोठा. त्यांनी तिच्या डोक्यात खोऱ्याचा दांडा घातला, दोनदा. ती तिथंच गेली. मी पोलिसांना तसंच सांगितलं आणि त्या दिवसापासून घरातली सगळ्यात वाईट बाई मी झाले. ज्यानं मारलं तो फक्त अडचणीत आला होता.

भावकी बसली. धाकटा दीर आणि माझे मालक धरून सगळ्यांचं ठरलं की बाई शेणात घसरली आणि गव्हाणीच्या दगडावर पडली. दांड्याचा विषय काढायचा नाही. मालकांनी मला बजावलं, "त्यो सुटून घरी आला आन तू फिरली न्हाईस, तर तुझी पिशवी भर." म्हणजे माझं छप्पर त्या निकालावर टांगलेलं. मी पिशवी भरली आणि माळ्यावर ठेवली. फिरले मात्र नाही.

कराडच्या कोर्टात त्यांच्या वकिलानं मला दुपारभर झोडपलं. आधी म्हणाला, बाई नात्यातली आहे, हिच्यावर कसा विश्वास ठेवायचा? मी म्हटलं, साहेब, आमच्या गोठ्यात संध्याकाळी बाहेरचं कोण येतंय? मग त्यानं काढलं की आम्हा जावांचं दोन वर्षं बोलणं नव्हतं. नव्हतंच. पाण्याच्या नळावरून भांडलो होतो. म्हणजे सकाळी मी नात्यातली म्हणून खोटी, आणि दुपारी वैरीण म्हणून खोटी. वैरीण असते तर मी तिच्या बाजूनं का बोलले असते, हे त्याला कुणी विचारलं नाही. शेवटी म्हणाला, तुमच्यात थोरल्या दिरासमोर बाई पदर घेऊन पाठ फिरवते, मग तुम्हाला दिसलं कसं?

मी म्हटलं, "पदर डोक्यावर हुता, साहेब. आन पाठ फिरवायची आठवण ऱ्हायली."

मग त्यांचे साक्षीदार आले. वकिलानं आमच्या पुढच्या सोप्यात बसून दोघा भावांची तालीम घेतली होती, ती मी चुलीपाशी बसून ऐकलेली. तिघे भाऊ त्या वेळी जेवत होते, असं सांगायचं. कोण भिंतीकडे, कोण दाराकडे, आमटी कसली, भाकरी ज्वारीची का बाजरीची, सगळं घोटून घेतलं. शाळेत असे घोटले असते तर एखादा तलाठी झाला असता.

आधी माझे मालक उभे राहिले. आमटी बरोबर, भाकरी बरोबर. सरकारी वकील म्हणजे लेकीच्या वयाची पोरगी. तिनं सहज विचारलं, वाढत कोण होतं? तालमीत हे नव्हतं. वकिलाला सुचलं नव्हतं, कारण तोही घरी ताटावरच बसत असणार. थोड्या वेळानं मालक म्हणाले, "माझं मीच वाढून घेतलं."

लग्न झाल्यापासून त्यांनी पाण्याचा तांब्या हातानं घेतलेला मी पाहिलेला नाही. कोर्टातल्या बायका तोंडाला पदर लावून हसल्या.

साक्षीदारांना एकमेकांचं ऐकू देत नाहीत, त्यामुळं धाकटा दीर बाहेरच होता. तो आला, आमटी सांगितली, भाकरी सांगितली. पोरीनं तेच विचारलं. हा अजिबात थांबला नाही.

"थोरली वैनी. दुसरं कोण वाढणार?"

जज्जसाहेबांनी चष्मा काढला. "ती बाई तेव्हा गोठ्यात पडली होती ना?"

धाकटा वकिलाकडे बघायला लागला. वकील कागद बघायला लागला. जन्मभर तिनं वाढलं आणि यानं खाल्लं. ती नसली तर भाकरी कुठून येते, हे त्याच्या डोक्यात कधी आलंच नव्हतं. खोटं बोलतानाही आलं नाही.

निकालात जज्जसाहेबांनी सांगितलं, नात्यातली साक्ष पारखून घ्यावी, पण नात्यातली म्हणून टाकून देऊ नये. घरातल्या खुनाला घरातलाच माणूस साक्षीला असणार. भावांच्या साक्षी त्यांनी पारखल्या आणि टाकल्या. माझी ठेवली. दिराला जन्मठेप झाली. भावकी अजून म्हणते, मी दिराला आत घातलं. धाकट्याला कुणी बोल लावत नाही. पुरुषमाणूस, चुकून बोलून गेला.

निकालाच्या दिवशी घरी जायला एकच वडापची जीप होती, म्हणून मी आणि मालक एकाच बाकड्यावर. मलकापूर मागं पडलं. मग ते हळूच म्हणाले, "खरं सांग, तू खरंच बघितलंस?"

"बघितलं. ती वरडली बी हुती. तुमी सोप्यात टीव्हीपुढं हुता. तुमास्नी ऐकू आलं न्हाई?"

ते बाहेर उसाकडं बघायला लागले.

"आलं हुतं," म्हणाले.

कोर्टात शपथ घेऊन जे निघालं नाही, ते वडापमध्ये निघालं. तिथं लिहून घ्यायला कुणी नव्हतं. घरी आल्यावर मी माळ्यावरची पिशवी काढली आणि लुगडी परत दांडीवर टाकली. मालकांनी बघितलं. मग पाय धुवायला गेले.