काळ्या पडद्यावरचं ‘या, बसा’

काल ऑफिसात माझा कॉम्प्युटर बिघडला आणि काळ्या पडद्यावर पांढरी अक्षरं उमटली. शेजारची मुलगी घाबरली. मला मात्र अणदूरची आमची पत्र्याची खोली आठवली, तापल्या पत्र्याच्या वासासकट.

दादा असताना त्या खोलीत त्याचा कॉम्प्युटरचा क्लास होता. चपला बाहेर काढायच्या, आत बसून काळ्या पडद्यावर डॉसच्या पाठ केलेल्या कमांड टाइप करायच्या. मशीन चालू केलं की पडद्यावर इंग्रजी अक्षरांत ‘या, बसा’ यायचं. ती करामत दादाचीच. पोरं लई खूश व्हायची.

मग समोरच विंडोजचा क्लास निघाला. एकेक करत सगळे तिकडं गेले. शेवटची पोरगी म्हणाली, “सर, तिथं चित्रावर टिचकी मारली की झालं. काय बी पाठ करायचं न्हाय.”

“अगं, त्या चित्राखाली बी डॉसच हाय,” दादा म्हणाला. ती गेलीच.

दुसऱ्या दिवशी मी चहा घेऊन गेले, तर दाराशी फक्त दादाच्या चपला. त्यानं कव्हर काढून मशीन चालू केलं. ‘या, बसा’ आलं. दादानं ते वाचलं आणि पोरांच्या स्टुलावर जाऊन गुमान बसला.

मला तेव्हा वाटलं, गंमत करतोय. अख्ख्या गावात त्याला बस म्हणणारं त्या दिवशी तेवढंच उरलं होतं.