खेळ बंद करू का माणूस?

"हा मेला तं मयतीला जाशील का?"

पालीच्या दूध संकलन केंद्रावर, सकाळी साडेसहाला, हातात किटली घेऊन पंधरा-वीस माणसं रांगेत उभी असताना प्रयागबाई हा प्रश्न विचारायची. सगळ्यांना ऐकू जाईल असा. ज्याला विचारला त्याचा फोन तिच्या हातात असायचा आणि तिचा अंगठा त्या फोनवरच्या एखाद्या नावावर टेकलेला असायचा. समोरचा "आता काय मावशी" म्हणून हसायला लागला की ती म्हणायची, "दात काढू नगं मुडद्या. हां का न्हाई, तेवढं सांग."

त्याचं असं होतं, की आमच्या गावात लुडोची साथ आली होती. लुडो, पत्ते, फळं कापायचा खेळ, गोळ्या फोडायचा खेळ. कुणीतरी खेळायला बसायचं, एक बटण दाबायचं आणि त्याच्या ओळखीच्या झाडून सगळ्यांना बोलावणं जायचं. दिवसभर खिशात टुंग टुंग. कुणाचा फोन वाजला म्हणून हातातलं काम टाकून बघावं, तर मेव्हण्यानं पत्ते खेळायला बोलावलंय. हे बंद कसं करायचं ते गावात एकट्या प्रयागबाईला येत होतं. चौथी शिकलेली बाई, पण शिकली होती पक्कं. "दोन बटनं हायेत," ती सांगायची. "एकानं खेळ बंद व्हतो, मानूस ऱ्हातो. दुसऱ्यानं मानूसच बंद. मयतीला जानार असशील तं खेळ बंद करते. न्हाईतर त्याला कावून ठिवायचा?"

तिनं हे शिकून घेतलं त्याला कारण होतं. दूध न्यायला येणारी गाडी कधी लवकर यायची, तसा निरोप तिच्या फोनवर यायचा. एका उन्हाळ्यात तो निरोप चाळीस बोलावण्यांखाली गाडला गेला. गाडी आली तेव्हा केंद्राला कुलूप, आणि अख्ख्या गावाचं दूध नासलं. ते दूध तिनं स्वतः कॅन आडवे करून नाल्यात सोडलं. कुणी तिला काही बोललं नाही, कारण तिला बोलायची कुणाची टाप नव्हती. पण त्या दिवसापासून फोनवरचं नको ते तोडायचं म्हणजे तोडायचंच, असं तिनं मनावर घेतलं.

अंगानं काटकी, कपाळावर गोंदण, पदर कमरेला खोचलेला. दुधात पाणी घातलेलं तिला किटलीचं झाकण उघडल्याबरोबर कळायचं, पाणी पकडायची काचेची नळी, म्हणजे डिग्री, लावायची ती निव्वळ समोरच्याची लाज काढायला. "म्हैस काय धरनात उभी करून पिळली का रं?" असं ती सरपंचालाही म्हणाली होती. वर ते दूध परत न्यायला लावलं.

तिचा सगळ्यात मोठा दुष्टपणा मी पाहिला तो सुखदेवतात्यांच्या बाबतीत. तात्या सत्तरीचे. मुलगा पुण्याला, त्याची फक्त खेळाची बोलावणी यायची. तात्यांनी सहज तक्रार केली, की बाई, हे वाजून वाजून डोकं उठवतं. प्रयागबाईनं फोन घेतला. मुलाच्या मयतीला जाल का, हे बापाला विचारता येत नाही एवढं तिलाही कळत होतं. म्हणून तिनं प्रश्न उलटा केला.

"तुमी गेल्यावर ह्यो यील का?"

"यील की. लेकरू हाय माझं."

"म्हातारी गेली तवा आलता?"

तात्या किटलीकडं बघत म्हणाले, "तिसऱ्या दिशी आलता. सावडायला."

"मंजी राखंला आलता."

रांगेतल्या दोघा-तिघांना हसू आलं. मलाही आलं, खोटं कशाला बोलू. बाईनं मुलाला ठेवला, फक्त खेळ बंद केला. पण त्या पोरानं खेळाशिवाय बापाला दुसरं काही कधी पाठवलंच नव्हतं. बोलावण्याबरोबर त्याचा गॉगल घातलेला फोटो यायचा, तो यायचा थांबला. पुढं कित्येक दिवस तात्या रांगेत उभे राहून फोन खालीवर करायचे. एकदा हळूच म्हणाले, "बाई, ते परत चालू व्हतं का?" ती म्हणाली, "व्हतं. पन मी न्हाई करनार."

हा मयतीचा प्रश्न तिनं आणला कुठून, हे मला आईनं सांगितलं होतं. प्रयागबाईचा नवरा वारला तो ऐन ऊसतोडीच्या हंगामात. आमच्याकडं दसऱ्यानंतर निम्मं गाव टोळ्या करून कारखान्यांवर जातं. मागं राहतात म्हातारी आणि शाळेतली लेकरं. तिरडी बांधून झाली आणि खांद्याला चार माणसं भरेनात. एक तात्या, एक शाळेचे गुरुजी. तिसरा माझा मोठा भाऊ दत्तादादा, तेव्हा सतरा-अठरा वर्षांचा, पायाला कोयता लागून घरी पडलेला. तो लंगडत आला. चौथा कुणी मिळेना, तेव्हा प्रयागबाईनं पदर खोचला आणि नवऱ्याला स्वतः खांदा दिला. लग्नात जेवून गेलेले, उसनं दूध नेलेले, सगळे तिनं त्या वाटेवर मनात मोजले असणार. त्यानंतर तिला माणसाची दुसरी कुठली परीक्षा पटली नाही.

आता माझं सांगतो. दादाचं आणि माझं बांधावरून वाजलं होतं. त्यानं नांगर फिरवताना बांध हातभर माझ्याकडं सरकवला, असं माझं म्हणणं. मी बी.ए. झालेला, मला मोजणीचे कागद वाचता येतात. मी ते त्याच्या तोंडावर वाचून दाखवले, त्याच्या बायकोपोरांदेखत. बोलणं बंद झालं. घरं एका भिंतीची, पण दोन वर्षं एकमेकांच्या दारात पाय नाही. आणि ह्या दोन वर्षांत रोज दिवेलागणीला माझ्या फोनवर टुंग व्हायचं. दत्ता यांनी तुम्हाला लुडो खेळायला बोलावले आहे.

लहानपणी आम्ही ओसरीवर कोळशानं पट आखून चिंचोक्यांनी खेळायचो. हरलो की मी पट पायानं पुसून टाकायचो, आणि दादा न रागावता पुन्हा आखायचा. त्यामुळं ते बोलावणं कशाचं आहे हे मला पहिल्या दिवसापासून कळत होतं. मी खेळायला गेलो नाही आणि ते बंदही केलं नाही. रोज यायचं, मी रोज बघायचो.

श्रावणात एकदा रांगेत असताना फोन वाजला. सकाळचं कधी यायचं नाही ते नेमकं त्या दिवशी आलं. मागचा कुणीतरी डोकावून म्हणाला, "कायबे नाऱ्या, बांध तोडतो आन् लुडोला बोलिवतो का तुझा भाऊ?" सगळे हसले. माझ्या कानशिलात आग पेटली. मी फोन प्रयागबाईपुढं टाकला. म्हणालो, "मावशी, बंद करा हे."

तिनं नाव वाचलं. मग माझ्याकडं बघितलं.

"हा मेला तं मयतीला जाशील का?"

"न्हाई," मी म्हणालो.

त्या बाईनं कधी कुणाला दुसऱ्यांदा विचारलं नव्हतं. मला विचारलं. आवाज थोडा खाली आणून म्हणाली, "नाऱ्या, नीट इचार करून सांग. खेळ बंद करू का मानूस?"

अख्खी रांग ऐकत होती. 'खेळ' म्हणालो असतो तर काय झालं असतं? आठ दिवस लोक हसले असते, बस. पण मला तेवढंही सोसवत नव्हतं. मी म्हणालो, "मानूस."

तिचा अंगठा जरा वेळ तसाच अधांतरी राहिला. मग तिनं दाबलं. फोन परत देताना पडद्यावर बोट ठेवून म्हणाली, "उघडायचं असलं तं हितंच, तिसऱ्या वळीत."

पालीत असली गोष्ट घरी पोचायला दूध तापायलाही वेळ लागत नाही. त्या संध्याकाळी दादा अंगणात बाज टाकून बसला होता. माझ्याकडं त्यानं बघितलं नाही. दसऱ्यानंतर तो वहिनीला घेऊन टोळीबरोबर कारखान्यावर निघून गेला. तिसरी ओळ मला माहीत होती, अंगठाही माझाच होता. पण चारचौघांत बोललेलं मागं कसं घ्यायचं, या एका गोष्टीत माझी बी.ए.ची पदवी कामाला आली नाही. मग मी सगळा राग प्रयागबाईवर काढायचं ठरवलं. तिनंच विचारलं, तिनंच दाबलं. माझा काय दोष?

संधी दिवाळीनंतर आली. बाईला नवा फोन मिळाला होता. एका दुपारी गावातल्या प्रत्येकाच्या खिशात एकदम टुंग झालं. प्रयाग यांनी तुम्हाला लुडो खेळायला बोलावले आहे. मूल ना बाळ, दुपारी केंद्र धुऊन झाल्यावर ती एकटीच फोनशी लुडो खेळत बसायची, हे तेव्हा कळलं. सगळ्यांना बोलवायचं ते बटण चुकून दाबलं गेलं की तिनं मुद्दाम दाबलं, हे मला आजही सांगता येणार नाही.

दुसऱ्या दिवशी मी रांगेत मुद्दाम पुढं उभा राहिलो. ते बोलावणं उघडून फोन तिच्यापुढं धरला आणि तिच्याच आवाजात, तिच्याच हेलात विचारलं, "मावशी, ही मेली तं मयतीला जाऊ का?"

कुणी हसलं नाही. पाठीमागून तात्या म्हणाले, "नाऱ्या, आरं."

प्रयागबाईनं हात पदराला पुसले. "मला काय इचारतो? तू सांग. जाशील का?"

"न्हाई."

"मग आन हिकडं." तिनं फोन घेतला आणि स्वतःच्या नावावर स्वतःचा अंगठा दाबला. खेळ नाही, माणूस. मग फोन माझ्या खिशात सारला, माझी किटली ओढून घेतली, डिग्री लावली आणि म्हणाली, "दूध चांगलं हाय."

मला बरं वाटलं. लई बरं वाटलं. घरी येईपर्यंत ते टिकलं.

पौषात ती गेली. सकाळी कॅन विसळताना केंद्रामागं पडली. रांग ताटकळली म्हणून तात्या बघायला गेले, तर नळ चालूच होता. पुन्हा हंगामच. गाव रिकामं. बातमी गावाच्या ग्रुपवर टाकली आणि गेवराईकडून तिचा पुतण्या यायची वाट बघत मयत संध्याकाळपर्यंत ठेवली. मी गेलो. मी न्हाई म्हणालो होतो हे तिथं जमलेल्या प्रत्येक बाईला माहीत होतं, त्यांच्या नजरेवरून कळत होतं. पण मी भिंतीला टेकून उभा राहिलो आणि मला रडू आलं. इतकं वाईट बोलणारी, इतकी सरळ बाई पुन्हा मिळणार नाही हे मला तिथं कळलं.

मडकं धरायला पुतण्या. खांद्याला मी, नवे गुरुजी आणि काठी बाजूला टाकून तात्या. चौथा कुणी नाही. दोघी-तिघी बायका पदर खोचून पुढं यायला लागल्या, तेवढ्यात मोटारसायकल थांबली. दादा होता. सकाळी ग्रुपवरची बातमी वाचून उसाच्या फडातून तसाच निघाला होता, अंगावर पाचटाची कुसळं. कुणाशी न बोलता माझ्या शेजारी, पुढच्या बाजूला येऊन त्यानं खांदा दिला. मी त्याच्यापेक्षा उंच. चार पावलं गेल्यावर तो म्हणाला, "जरा वाक. मावशी कलतीय."

अडीच वर्षांतलं त्याचं माझ्याशी पहिलं बोलणं. मी धरणाकाठच्या स्मशानापर्यंत गुडघ्यात वाकून चाललो. पाठीत कळ येत होती आणि मनात एकच होतं, की झालं, दादा बोलला, आता सगळं नीट होईल. अग्नी दिल्यावर मागं वळून बघितलं तर तो गाडीला किक मारून निघालाही होता. काम सोडून आलाय, उशीर झाला असेल, असं मी स्वतःला समजावलं.

दुसऱ्या दिवशी मी तिसरी ओळ उघडली. दादाचं नाव मोकळं केलं आणि जन्मात पहिल्यांदा कुणालातरी लुडोला बोलावलं. त्या दिवशी काही आलं नाही. मी रोज दिवेलागणीला पाठवत गेलो. आठ-दहा दिवसांनी फोन सांगायला लागला, की या व्यक्तीला पाठवता येत नाही. मला वाटलं फडात रेंज नसेल.

चैत्रात टोळ्या परतल्या. केंद्रावर आता एक पोरगी आहे, ती मुकाट्यानं डिग्री लावते, कुणाला काही विचारत नाही. रांगेत वहिनी माझ्या पुढं होती. मी म्हणालो, "वहिनी, दादाचा फोन बिघडलाय का? माझं काही पोचत न्हाई."

तिनं किटली एका हातातून दुसऱ्या हातात घेतली.

"बिघडला न्हाई, भावजी. म्याच केलं ते. रोज तुमचं यायचं, ते रोज बघायचे. एक दिवस म्हणले, बंद कर. प्रयागमावशीनं मला शिकिवलतं, म्हून म्या इचारलं, खेळ बंद करू का मानूस? लई येळ तुमचं नाव बघत बसले."

"मग?"

"मग म्हणले, मानूस."

मागून कुणीतरी म्हणालं, "नाऱ्या, सरक की पुढं." मी सरकलो.